मागचा जिना

४ नोव्हेंबर, मंगळवार
काम मिळालं! जिन्याच्या अख्ख्या कठड्याचं! डॉक्टरीणबाईंचं ते जुनं घर—व्हिक्टोरिया राणीच्या काळातलं, दाराच्या कमानीवर १८७४ कोरलंय. कठड्याच्या सत्तावन्न दांड्यांपैकी एकोणीस मोडल्यात. हुबेहूब तशाच कातून द्यायच्या.

घरी सांगितलं. हे म्हणाले, "जमेल तुला?" बस्स, एवढंच. करवतीनं यांची दोन बोटं नेली त्याला दोन वर्षं झाली. तेव्हापासून आमच्या सुतारकामाच्या दुकानात लाकूड कातायच्या लेथवर मी उभी असते आणि हे तिथं पाऊल टाकत नाहीत. मला शिकवलं मात्र यांनीच.

६ नोव्हेंबर, गुरुवार
काय घर आहे! दिवाणखान्याची खिडकी तीन अंगांनी बाहेर आलेली, वर निळ्या-तांबड्या काचा. छताला प्लास्टरची पानं-फुलं, एकही पान दुसऱ्यासारखं नाही. आणि जिना—वळत वळत वर जातो, मधल्या वळणावरच्या चौथऱ्याखाली एक खांब नाही! हवेत तरंगल्यासारखा.

भिंतीपलीकडे दुसरा जिना, नोकरांसाठी. अंधारा, जेमतेम खांदे मावतील एवढा. पायऱ्या मधोमध झिजून वाटीसारख्या झाल्यात. मोठ्या जिन्याच्या अजून सपाट. घर कुणाच्या पायांवर चाललं, ते न सांगता कळतं.

७ नोव्हेंबर
पहिली दांडी यांना दाखवली. "गळा जाड झालाय." पुन्हा कातली. "आता कंबर बारीक झाली." मी म्हटलं, "दांडी आहे की नवरी?" हसले! कित्येक महिन्यांनी.

१० नोव्हेंबर, सोमवार
मागचा जिना पाडणार. तिथं लिफ्ट—बाईंच्या आईचे गुडघे गेलेत. इंजिनियरसाहेब म्हणाले, "नुसत्या फळ्या आहेत त्या. दोन दिवसांत साफ." गुरुवारी पाडकामवाले येणार.

माझ्या डोक्यात किडा वळवळतोय. चौथऱ्याखाली खांब नाही, मग वजन जातं कुठं?

११ नोव्हेंबर
दोन्ही बाजूंनी टेप लावली. मधली भिंत नकाशात चार इंच, प्रत्यक्षात अकरा! साहेबांना सांगितलं, भिंतीच्या आत काहीतरी आहे. "ताई, तुम्ही दांड्या कातताय ना? मग दांड्या काता."

अंगाचा नुसता तिळपापड!

घरी यांच्यापुढे मापांची वही टाकली. एकेक आकड्यावरून बोट फिरवलं. मग म्हणाले, "तुझं माप चुकत नाही. भिंतीची एक फळी काढून दाखव त्याला."

१३ नोव्हेंबर, गुरुवार


पाडकामवाले घण घेऊन उभे. मी मागच्या जिन्याच्या पहिल्या पायरीवर जाऊन बसले. म्हटलं, "आधी भिंतीची एक फळी काढते. आत काही नसलं तर उद्यापासून मी येत नाही." साहेब चिडले. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "काढू दे तिला."

पटाशी घातली. फळी कुरकुरत सुटली. साहेबांनी वाकून आत बॅटरी मारली.

आत तुळई. माझ्या मांडीएवढी जाड. मोठ्या चौथऱ्यातून येऊन थेट मागच्या जिन्याच्या खांबावर टेकलेली. दीडशे वर्षं मालकांचा जिना नोकरांच्या जिन्याच्या खांद्यावर! तो पाडला असता तर मोठा जिनाही कोसळला असता. आणि बाईंच्या आई त्या वेळी वरच होत्या.

साहेबांनी हेल्मेट काढलं. सगळ्यांसमोर म्हणाले, "ताई, मी चुकलो."

मागचा जिना राहणार. लिफ्ट आता बाहेरच्या अंगानं.

घरी यांनी सगळं तीनदा सांगायला लावलं. तिसऱ्यांदा फळी निघायच्या आधीच म्हणाले, "तुळई!"

१४ नोव्हेंबर
मागच्या जिन्याची दुरुस्तीही मलाच! छाती अशी फुगलीय की ब्लाउज उसवायचा.

१७ नोव्हेंबर, सोमवार
सकाळी हे माझ्याआधी तयार. चपला घातलेल्या, हत्यारांची पिशवी खांद्यावर. दारातूनच म्हणाले, "काय काम देतेस आज?"