पोस्टाकडचा रस्ता

अण्णा,

गेल्या आठवड्यात ह्यांना कोरोना झाला. इथे हॉलंडमध्ये, रायस्वाइकच्या आमच्या घरात वरच्या खोलीत ते एकटे. मी दाराशी ताट ठेवते आणि मागे सरते. तुमची नऊ वर्षांची नात मात्र रोज आपली ताटली घेऊन त्या दाराबाहेर बसते. बाबा एकटा का जेवेल, म्हणे. मी ओरडले, "लांब हो आधी!" तर इंग्लिशमध्ये मलाच ऐकवते, दार बंद आहे ना आई. जागची हलली नाही.

मी तुमच्याबरोबर कधी जेवले नाही. बेटावरच्या त्या महारोग्यांच्या वस्तीत मामी मला वर्षातून दोनदा होडीने आणायची. धक्क्यावर तुम्ही हात पाठीमागे धरून उभे असायचात. "अभ्यास होतो ना?" एवढंच विचारायचात. पुढे गोळ्यांनी पूर्ण बरे झालात, तरी घरातून कुणी "या" म्हटलं नाही, म्हणून तिथेच मागावर चादरी विणत राहिलात.

आणि एकदा आलात. पुण्याला, मी कॉलेजात असताना, खिशात डॉक्टरांचा दाखला घेऊन. मामीच्या फाटकाशी माझ्या मैत्रिणी उभ्या. तुमच्या झडलेल्या बोटांकडे बघत एकीने विचारलं, "कोण गं हे?" मी म्हटलं, "कुणास ठाऊक. पत्ता विचारायचा असेल." जळलं मेलं माझं तोंड! तुम्ही माझ्याकडे पाहिलंत, आणि म्हणालात, "हो बाळ. पोस्ट कुठे आहे इथं?" मी सांगितलं, डावीकडे, मग चौकातून सरळ. तुम्ही तसेच गेलात. मैत्रिणी पांगल्यावर मी धावत पोस्टापर्यंत आले. तुम्ही नव्हतात, आणि मला हायसं वाटलं, अण्णा.

लग्न ठरताना मामीने सांगितलं, मुलीचे वडील ती लहान असतानाच गेले. मी मान खाली घालून बसले होते. तुम्ही खरोखर गेलात ते त्यानंतर तीन वर्षांनी. तेव्हा मी इथे आले होते, आणि ह्यांच्यासमोर रडायचीसुद्धा सोय नव्हती.

काल लेकीने विचारलं, तुझ्या बाबांना कधी असं वेगळं राहावं लागलं का? मी म्हटलं, "नाही गं."

आता ह्यांना सगळं सांगायचं ठरवलंय. उद्या खोलीबाहेर यायला हरकत नाही, असं डॉक्टरांनी फोनवर कळवलंय. ते बरे झाले, आनंदच आहे. पण सकाळपासून एकच वाटतंय, अजून चार दिवस ते वरच राहिले असते तर बरं झालं असतं.