तीन फ्रेम आधी

शनिवार, ६ जुलै

माझ्या भावाने, सेनोने, आज मावशीला पुन्हा दचकवलं. बाविसावा व्हिडिओ. तिच्या पाठीमागे पातेल्याचं झाकण आपटलं आणि सुमिनीमावशी ओरडली, "अगं बाई, निखळली! कोंबडी निखळली!" वारुंगात, तिच्या छोट्या खानावळीत, जेवायला बसलेले सगळे हसले.

तिला लाताह आहे — दचकली की तोंडाला येईल ते बोलते. लहानपणी गल्लीने छळलं. आता अख्खं जावा हसतंय! आणि ते कापून, आवाज सुधारून पुढे पाठवणारी मी. ध्वनितंत्राची पदविका यासाठी घेतली?

रविवार, ७ जुलै

सेनोला म्हटलं, बंद कर हे.

"ताई, लोक लिहितात, आमची आजी अगदी अश्शीच होती! प्रेमाने हसतात गं. तू तिलाच विचार."

मावशीसमोर बसून विचारलं. म्हणाली, "तुझा भाऊ आता दर शनिवारी येतो तरी! आधी ईदपुरता तोंड दाखवायचा मेला."



मंगळवार, ९ जुलै

आवाज जुळवताना दिसलं — झाकण फरशीला लागायच्या तीन फ्रेम आधी मावशीचं तोंड उघडलंय. सेकंदाचा दहावा भाग. जुने सगळे तपासले. पहिल्या सहांत असं नाही. सातव्यापासून प्रत्येकात आहे.

भज्यांच्या कपाटाच्या काचेत तिला मागे उभ्या सेनोचा हात दिसतो! म्हणजे नाटक. मी इतके दिवस हिच्यासाठी जीव जाळतेय, आणि ही!

शनिवारी सेनोला फ्रेम दाखवणार.

शुक्रवार, १२ जुलै

अजून राग आहे. कमी होत नाही.

शनिवार, १३ जुलै

सेनोच्या आधी पोचले. मावशी मागच्या बाजूला, माझ्याकडे पाठ करून शेंगदाण्याची चटणी वाटत होती. माझं कोपर लागलं आणि पत्र्याच्या ताटांची चळत फरशीवर कोसळली. रस्त्यावरचा सायकलरिक्षावाला ओरडला, "अहो, घर पडलं की काय!"

मावशी वाटतच राहिली.

मी पुढे जाऊन उभी राहिले. तिने आधी माझे ओठ पाहिले, मग ताटं.

"कधीपासून ऐकू येत नाही?"

"झाले तीन-चार महिने. सेनोला सांगू नकोस हं. दचकत नाही म्हटल्यावर तो कशाला येईल?"

फ्रेम दाखवल्या नाहीत.

शनिवार, २० जुलै

मावशीचं तोंड कॅमेऱ्यात येऊ नये, म्हणजे तीन फ्रेमचा फरक कुणाला दिसणार नाही — असा हिशेब करून सेनोला सांगितलं, "आज उजवीकडे उभा राहा. उजेड बरा आहे."

"नको ताई," तो हळूच म्हणाला, "तिथून मी तिला काचेत दिसत नाही."