पडद्यावरचा तो मुलगा मी होते

मी, श्रीमती नीलांबरी यशवंत भोकरे, वय वर्षे चौऱ्याण्णव, राहणार प्लेनो, टेक्सस, हे मृत्युपत्र स्वखुशीने लिहून ठेवते. माझी बुद्धी शाबूत आहे. तसा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. चिरंजीव सत्यजित याने तो दोनदा वाचावा. यापूर्वीचं मृत्युपत्र रद्द समजावं, ते मी रागात केलं होतं.

१. राहतं घर सत्यजित व सून सुलेखा यांना मिळून. अट एकच, कढीपत्त्याची कुंडी थंडीत घरात घ्यावी. गराज म्हणजे घर नव्हे.

२. बँकेतली शिल्लक नातू देवांग व नात कादंबरी यांना निम्मी निम्मी. देवांगने त्यातून तिसरी मोटरसायकल घेऊ नये.

३. लाल फेटा कादंबरीला. त्यामागची हकीगत नोंदवणं भाग आहे, कारण घरात ती कोणी खरी मानली नाही.

१९३९ साली मी आठ वर्षांची होते. आई नव्हती. वडील मिरजेकडच्या एका सर्कशीत माहूत होते. सर्कस अमेरिकेला निघाली तेव्हा चंपा हत्तिणीबरोबर वडील गेले आणि वडिलांबरोबर मी. हॉलिवूडमधल्या एका कंपनीला जंगलच्या पिक्चरसाठी हत्तीवर बसणारा राजपुत्र हवा होता. त्यांनी आणलेल्या चारही मुलांना चंपाने सोंडेने अलगद उचलून खाली ठेवलं. मला ठेवलं नाही. मग माझी वेणी फेट्यात कोंबून मला मुलगा म्हणून उभं केलं. वडील म्हणाले, कोणी विचारलं तरच सांगायचं. कोणी विचारलं नाही.

मी तीन पिक्चर केले. तिन्हींत मला एकच वाक्य होतं, वाघ आला, पळा. वाघ एकदाही आला नाही, त्याचं पोट बिघडलेलं असे. मिस्टर बटन नावाच्या माकडाला बसायला स्वतःची खुर्ची होती. मला नव्हती.

तिसऱ्या पिक्चरमध्ये हत्तीण मरते आणि राजपुत्र रडतो. पण मेलेली चंपा कान हलवायची आणि मला हसू फुटायचं. अकरा वेळा हसले. तेव्हा दिग्दर्शक हार्कर साहेबांनी चंपाला तंबूमागे पाठवलं आणि दुभाष्याकरवी मला सांगितलं, "तुझी हत्तीण खरोखरच मेली."

मी अशी रडले की लाइटवालेसुद्धा डोळे पुसू लागले. कॅमेरा चालू होता. तेवढ्यात चंपा मक्याचं कणीस खात तंबूमागून बाहेर आली. मी फेटा उपसून साहेबांच्या तोंडावर फेकला आणि त्यांच्या नडगीवर लाथ घातली. वेणी सुटून पाठीवर आली. साहेब पाय धरून एवढंच म्हणाले की ही मुलगी आहे? माझं करिअर तिथे संपलं.

पिक्चर गेला हे मी वडिलांना घाबरत सांगितलं. त्यांनी फेटा झटकून घडी घातली आणि म्हणाले, "गेला तर गेला. जित्या जनावराचं मरण सांगून पोरीला रडवतो, त्याच्याकडे आपण काम करत नाही."

४. महाराष्ट्र मंडळाचे सुशांत पाटणकर यांना काहीही नाही. माझी हकीगत ऐकून त्यांनी सुलेखाला बाजूला घेऊन "वयाचा परिणाम" असं म्हटलं होतं. कादंबरी लॉस एंजेलिसला जुन्या फिल्म सांभाळण्याच्या कामात आहे. तिला गेल्या वर्षी पिक्चरमधून कापलेला तो माझ्या रडण्याचा आणि लाथेचा तुकडा एका डब्यात सापडला. डब्यावर माकडाचं नाव आहे, माझं नाही. हा तुकडा गणपतीत मंडळाच्या हॉलमध्ये जेवणाआधी दाखवावा, म्हणजे कोणी उठून जाणार नाही. रिमोट पाटणकरांच्या हाती द्यावा.

५. सत्यजित साठ वर्षं पाहुण्यांना सांगत आला की आई गोष्टी रचते. तुकडा त्याने तीनदा पाहिला आणि उठून माझ्यासाठी चहा केला. साखर विसरला. मी तसाच प्याले. त्याच्याविरुद्ध माझी काही तक्रार उरलेली नाही.

६. वकील निधी बाईंनी कागदावर लिहायला माझा व्यवसाय विचारला. आजवर सगळीकडे मी गृहिणी असंच लिहिलं. आज मी तोंड उघडण्याआधी सत्यजित म्हणाला, "ॲक्टर. रिटायर्ड."

मी 'रिटायर्ड' खोडायला लावलं.

सही: नीलांबरी यशवंत भोकरे
व्यवसाय: ॲक्टर

नीलांबरीबाईंनी आमच्यादेखत, चष्मा लावून आणि दोन ठिकाणी हसून सही केली. आम्हा दोघांना यातून काही मिळायचं नाही.
साक्षीदार: १. रवींद्र मोहरीर २. शिवांगी तळवलीकर

स्थळ: प्लेनो, टेक्सस
दिनांक: १४ ऑक्टोबर २०२५