उंबऱ्याबाहेरचा भाकरतुकडा

आबा, पाखाडीवरून उतरणाऱ्या तुमच्या चाळांचा आवाज अजून कानात आहे. शिमग्यात गावोगाव नमन खेळून तुम्ही पहाटे परतायचात, पायातले चाळ सोडायचाही कंटाळा. जांभ्याच्या पायऱ्यांवरून तो आवाज जवळ यायचा आणि मी अंथरुणातच त्यावर शाळेतली कविता म्हणून बघायचो. चाल बसायची. नमनात तुम्ही गवळणींची मावशी व्हायचात, लोक हसून लोळायचे. पुढे मुंबईला गेलात, स्टुडिओच्या फाटकाशी उभे राहू लागलात, आणि कुणाच्या तरी लक्षात आलं की हा माणूस फार छान मरतो.

मग तुम्ही मरतच राहिलात. सिनेमात हवालदार होऊन, कोळी होऊन, नायिकेचा बाप होऊन. केस पिकल्यावर टीव्हीच्या मालिकांत आजोबा होऊन. सुट्टीवर आलात की माझं पाठांतर ऐकायचात आणि म्हणायचात, "शेवटच्या अक्षराआधी दम सोडू नको रे. मरणाऱ्यालाही वाक्य पुरं करावं लागतं." असं शिकवणारा मास्तर मला शाळेत भेटला नाही.

सावर्ड्याला एसटीतून उतरून तुम्ही घरी यायचात तेव्हा आई दारातच अडवायची.

"थांबा तितंच. मेलेलं माणूस असं सरळ घरात येत नाय."

"अगो, पिक्चरात मेलो मी."

"मेलात ना? मग थांबा."

भाकरीचा तुकडा तुमच्यावरून ओवाळायची, काहीतरी पुटपुटायची आणि अंगणाच्या दगडी गडग्यापलीकडे भिरकावून द्यायची. तुम्ही बॅग हातात घेऊन, मान खाली घालून उभे. तेवढ्या वेळात तुमच्या चेहऱ्यावरून तो परका माणूस उतरताना मी पाहिलाय. मग आत येऊन चहा मागायचात, तो आमच्या आबांच्या आवाजात.

आई गेली. मी शहरात, मांडवीला ब्लॉक घेतला. नोकरी पक्की, शेजार शिकलेला. एका रविवारी सगळ्या इमारतीने तुम्हाला मालिकेत मरताना पाहिलं होतं, आणि दोनच दिवसांनी तुम्ही माझ्या दारात. जिन्यात शेजारी जमलेले, कौतुकाने बघताहेत. तुम्ही आत येत नाही. बॅग हातात, मान खाली. कशासाठी थांबलात ते मला कळतं. तुमची सून पदराला हात पुसत स्वयंपाकघराकडे वळलीसुद्धा. मीच तिला अडवलं.

"आबा, आत या. हे असलं इथं नको."

"बरं," म्हणालात. चपला काढल्यात आणि आलात. संध्याकाळपर्यंत बॅग मांडीवरून खाली ठेवली नाहीत. चहा तसाच निवला.

गणपतीआधी तुम्ही खरोखरच गेलात. भाकरतुकडा राहिला म्हणून माणूस जात नाही, एवढं मला कळतं. तरी कितीदा वाटतं, तुम्ही त्या दिवशी घरी पोचलातच नाही. मालिकेतले ते आजोबाच चार दिवस राहून गेले. तुम्हाला मी बाहेरच ठेवलं.

आता माझी नात मुंबईला मालिकेत काम करते. तुम्ही तिला पाहिलं नाहीत, पण मान खाली घालायची लकब तुमचीच. काल तिचं पात्र विहिरीत बुडून मेलं. मी टीव्ही बंद केला, आणि सकाळी एकटाच हे लिहायला बसलो. हा कागद टपालात टाकायचा प्रश्नच नाही.

आत्ता बेल वाजली. दूधवाला समजून दार उघडलं, तर तीच. न कळवता आलेली, पाठीला बॅग.

"आजोबा, असं काय बघताय? जिवंत आहे मी."

ती पाऊल उचलणार तोच माझ्या तोंडून निघालं, "थांब तितंच." हसली, पण थांबली.

डब्यात कालची भाकरी होती, तुकडा मोडून घेतलाय. ती दारात उभी आहे आणि मी पुन्हा या कागदाशी आलोय. शाळेतल्या सगळ्या कविता मला आजही पाठ आहेत, आबा. आई तुकडा ओवाळताना काय म्हणायची, ते मात्र मी कधी ऐकलंच नाही.