दारात येऊन विचारा

वाशीम,
ता. ९ ऑक्टोबर १९४८

तीर्थरूप बाबांस,
साष्टांग नमस्कार. आईला सांगा, तब्येत ठणठणीत आहे, जेवणही वेळेवर होतं. धनजला यंदा कपाशी कशी आहे?

नाक्यावर नथ्थूभाऊ म्हणून एकांनी बैल मागे वळवायला घेतले, त्या घडीला माझं सगळं बदललं. त्याआधीचं तुम्हाला ठाऊकच आहे. मी अमरावतीचं कॉलेज अर्ध्यात सोडलं, तुम्ही म्हणालात, "शिकाले धाडलं, न् तू डब्बा फिरवून राह्यला!" आणि मी दार आपटून निघालो.

तो डब्बा म्हणजे मोहनसिंगांचा कॅमेरा. फाळणीत त्यांचं लाहोरचं घर गेलं, हा तेवढा हाती राहिला. निजामाच्या मुलखातून रझाकारांच्या भीतीनं माणसं वाशीमकडे येताहेत असं ऐकून, त्यांची फिल्म काढायला ते इथं आले. मी त्यांचा मदतनीस. त्यांची ताकीद एकच: "जो हुआ वही खींचो. दुबारा नहीं."

जुलैत मी नेमकी तीच मोडली. पलीकडून येणारी नथ्थूभाऊंची गाडी हद्दीवरचा नाका ओलांडत होती आणि ऐन वेळी रीळ संपलं. घाईघाईनं नवं घातलं नि ओरडलो, "मागे जा, पुन्हा या!" ते बिचारे सरकारी हुकूम समजून बैल वळवू लागले. तोच मागून चालणाऱ्या त्यांच्या मुलीनं कासरा धरला.

"एकडाव घर सोडलं ते पुरं नाही झालं? तुमच्या डब्ब्यासाठी पुन्यांदा सोडू?"

बाबा, तुमच्यापुढेही न वाकलेली ही मान खाली गेली.

माळ्याचं घर ते. आठ दिवसांत त्यांनी इथल्या निर्वासितांच्या छावणीतल्या विहिरीजवळ वाफे पाडले. मेथीचं बी तिनं पदराच्या गाठीत बांधून आणलं होतं. पाणी मी शेंदतो. "पाटलाचं पोरगं आळ्याले पानी देऊन राह्यलं!" म्हणून सगळी छावणी हसते. तीही हसते. मला राग येत नाही. खोटं वाटेल तुम्हाला.

तिचं नाव गोजरा. लिहायचं टाळत होतो, लिहून टाकलं. आपल्यात नि त्यांच्यात सोयरीक होत नाही, हेही तुमच्याआधी मीच लिहितो. परवा तिला विचारलंच. मेथी खुडता खुडताच म्हणाली, "इथं नको. इथं आमी परक्याच्या जागेत. आमच्या दारात येऊन बाबाला विचारा."

निजामाचं राज्य गेलं. आज त्यांच्या गाड्या परत निघताहेत. काल मोहनसिंगांनी कॅमेरा माझ्या गळ्यात अडकवला. "मेरा लौटना तो होगा नहीं. इनका लौटना तू खींच." मग तोंड फिरवून म्हणाले, "और मेथी लाना."

नथ्थूभाऊंचं दार शाबूत आहे की नाही, कुणालाच माहीत नाही. नसेल तर आधी चौकट उभी करीन, मग विचारीन. पण हे विचारणं वडिलांच्या तोंडीच शोभतं. तुम्ही या; नाक्यापलीकडच्या गावात नथ्थू माळ्याचं घर कुणीही दाखवील.

गाड्या जुंपल्याचा आवाज येतो आहे. पत्र जाता जाता पेटीत टाकतो. मोहनसिंग आत झोपले आहेत, म्हणून दार हळूच ओढून घेतो नि निघतो. या खेपेला आपटत नाही.

त्या दुसऱ्या दारात तुमची वाट पाहणारा,
बबन