धुतलेली बदकं

सर, परवा तुमचा सिनेमा पाहिला. डेन्मार्कमध्ये कुणाला तरी त्याची रिळं सापडली, त्यांनी ती दुरुस्त करून इंटरनेटवर ठेवली. मुलानं मला टीव्हीवर लावून दिला. तुम्ही तरुण असताना, युद्धाच्या दिवसांत कोपनहेगनला केलेला तो सिनेमा. तो कायमचा गेला असं तुम्ही शेवटपर्यंत धरून चालला होतात.

मी तुमच्याकडे कामाला लागले तेव्हा आम्ही मिशिगनमध्ये नवे होतो. तुम्ही पिकलेले, मोटार कंपन्यांसाठी कार्टून फिल्म करणारे. ब्रेक कसा लागतो, ऑइल का बदलायचं, असल्या. चित्रं पारदर्शक शीटवर रंगवायची आणि कॅमेऱ्यानं टिपून झाली की कोमट पाण्यात रंग धुऊन शीट पुन्हा वापरायची. ते धुणं माझ्याकडे होतं. आमचे हे चिडवायचे, "एम.एस्सी. करून शेवटी धुणंच का गं!" मी तुम्हाला सर म्हणायचे. तुम्ही म्हणायचात, "मला कुठल्या राजानं सर केलं? नावानं हाक मार." ते मला कधीच जमलं नाही.

त्या शुक्रवारी धुवायच्या शीटशेजारी एक पुठ्ठ्याचा खोका आहे. त्यातली नऊ शीट मी बेसिनमध्ये सोडते. तुम्ही आत येता तेव्हा पाणी निळं झालेलं आहे. तुम्ही एक कोरं शीट उचलून उजेडात धरता आणि म्हणता, "ही माझ्या सिनेमातली बदकं होती. एवढीच उरली होती." मी म्हणते, "सॉरी सर, मला वाटलं ही आजचीच." तुम्ही स्टुलावर बसता. मग सांगता की युद्धात शीट मिळत नसत, तुम्हीही एक प्रसंग टिपून झाला की तो धुऊन त्याच शीटवर पुढचा काढत होतात. ही नऊ तेवढी कोटाखाली लपवून घरी नेली होती. "पुढच्या वेळी आधी विचार," एवढंच बोललात. सोमवारी माझ्या हातात ब्रश दिलात आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालात, "हिला पाण्यापासून लांब ठेवा." पुढे अकरा वर्षं मी तुमच्याकडे रंगवलं. माझ्या आयुष्यातली ती चांगली वर्षं.

परवा बदकं आली. निळ्या तळ्याकाठून रांगेत गेली, शेवटचं धडपडलं. तेवढंच, डोळ्याचं पातं लवेपर्यंत. नात म्हणाली, "आजी, द लास्ट वन इज सो सिली! पुन्हा लाव ना." आम्ही चार वेळा पाहिली. तुमचं काही पुसलं गेलं नव्हतं, सर. हे कळल्यापासून मला बरं वाटतंय, आणि म्हणूनच आता सांगता येतंय.

ती शीट आजची नाहीत, हे मला पहिलं हातात घेतल्याबरोबर कळलं होतं. रंग तडकलेला होता, कोपऱ्यात तुमच्या भाषेतली अक्षरं होती. विचारायला हवं होतं. पण सकाळीच माझ्या इंग्रजीवरून तिथल्या रंगवणाऱ्या दोघी हसल्या होत्या आणि आज दिवसभर तोंड उघडायचं नाही असं मी ठरवलं होतं. मग नळ सोडला.