एक रविवार सोडून मार्था

४ फेब्रुवारी, रविवार

माझी पत्नी गिलियन हिला जाऊन तीन आठवडे झाले. आजपासून रोजनिशी. तीत दुःखाबद्दल लिहायचं नाही, व्यवस्थेबद्दल लिहायचं.

घर आटोक्यात आहे. कपडे धुण्याचं यंत्र चालू करता येतं. बंद करता येत नाही.

दर रविवारी आमची मुलगी फिलिपा मार्थाला घेऊन ब्रिस्टलहून जेवायला येते. मार्था सहा वर्षांची. आज आल्या नाहीत. जावयाचा, गॅरेथचा फोन आला, मार्थाला सर्दी आहे. गेल्या रविवारीही सर्दीच होती. चिकट सर्दी दिसते.

७ फेब्रुवारी

रविवारचं सगळं गिलियन ठरवायची, एका फोनवर. म्हणजे इतकी वर्षं हे कोणत्याही लेखी आदेशाशिवाय चाललं होतं. आश्चर्य आहे.

मी पंचवीस वर्षं कौटुंबिक न्यायाधीश आहे, त्यातली बारा हायकोर्टात. मुलांना कोणी, कुठे, किती वेळ भेटायचं हेच ठरवत आलो. घरचं ठरवायला संध्याकाळ पुरली. एक रविवार सोडून दुसरा. ईस्टरची अर्धी सुट्टी. नाताळ वर्षाआड. फिलिपाला पाठवून दिलं.

९ फेब्रुवारी

फिलिपाचा फोन. म्हणाली, बाबा, तुम्ही मला आदेशाचा मसुदा पाठवलाय?

मी म्हटलं, मसुदा नव्हे, प्रस्ताव. हरकती असल्यास चौदा दिवसांत कळव.

मग म्हणाली, आई नुसतं म्हणायची, कोंबडी भाजतेय, या गं. मी म्हटलं, त्यात वेळेचा उल्लेख नाही. तिने फोन ठेवला. एकंदरीत विचार करते आहे.

माझा कारकून ट्रेंच म्हणाला, जजसाहेब, कोंबडी आणा. त्याला या क्षेत्राचा अनुभव नाही.

कोंबडी आणायची.

२५ फेब्रुवारी, रविवार

फिलिपा मार्थाला घेऊन आली. गिलियनचे कपडे द्यायला धर्मादाय दुकानात गेली, मार्था माझ्याकडे. विश्वास बसतो आहे.

मुलांशी बोलण्याची माझी हातोटी वकीलवर्गात मान्य आहे. मार्थाला सोफ्यावर बसवलं आणि विचारलं, जादूची कांडी मिळाली तर तू काय बदलशील? ती म्हणाली, आजोबा, हे शाळेतल्या बाईंनी विचारून झालंय, आजी गेली तेव्हा. त्यांनी बिस्किट दिलं होतं.

बिस्किटं सापडली नाहीत. गिलियन कुठे ठेवायची कोण जाणे.

कोंबडी ओव्हनमध्ये घातली. विचार करण्यासाठी क्षणभर डोळे मिटले.

उघडले तेव्हा समोरच्या घरातल्या मिसेस पार्जिटर खोलीत उभ्या होत्या. मागे धूर. मार्था रस्ता ओलांडून त्यांच्याकडे गेली होती. त्यांना म्हणाली म्हणे, आजोबा उठतच नाहीत, तेही आजीसारखे गेले का?

मिसेस पार्जिटरनी हे फिलिपाला दारातच सांगितलं. ऐकीव पुरावा. तरी दखल घेतली गेली.

फिलिपाने विचारलं, बाबा, तुम्ही रात्री झोपता का? मी म्हटलं, प्रश्न मुद्द्याला धरून नाही. ती म्हणाली, एकटीने रस्ता ओलांडला तिने. एकटीने, बाबा. हा मुद्दा आहे.

ओव्हन घासला. जळकं निघत नाही.

१० मार्च, रविवार

ठरल्याप्रमाणे आज येण्याचा दिवस. आल्या नाहीत. गॅरेथ म्हणाला, थोडे दिवस जाऊ देत, सर. आठ वर्षं जावई आहे, अजून सर म्हणतो. या वेळी ते खटकलं.

१४ मार्च

कोर्टात एक आजी-आजोबा, लूटनचे. मुलगा वारला, सून नातवाला भेटू देत नाही. आपल्या कायद्यात आजी-आजोबांना भेटीचा हक्क नाही. अर्ज करायलाही आधी परवानगी मागावी लागते. खालच्या कोर्टाने ती नाकारली, म्हणून अपील.

आजोबांनी वकील केला नव्हता. मी विचारलं, सुनेशी बोलून पाहिलंत का? म्हणाले, बोलून बोलून दमलो साहेब, म्हणून तर तुमच्यापर्यंत आलो. बायकोने त्यांची बाही ओढली, म्हणाली, हळू बोला हो, ओरडताय.

ते ओरडत नव्हते.

अपील फेटाळलं. कायदा स्पष्ट आहे. कामकाज लवकर संपवून उठलो. ट्रेंचने चहा आणून ठेवला आणि दार ओढून घेतलं.

१५ मार्च

फिलिपाला फोन केला. उचलला नाही. निरोप ठेवताना सवयीने पूर्ण नाव आणि पद सांगितलं.

३ एप्रिल

फिलिपा तयार! रविवारी अर्ध्या वाटेवर भेटायचं, मोटारवेवरच्या उपाहारगृहात. दोन तास. ती स्वतः हजर राहणार. अटी वाजवी आहेत. दोन तास हे प्रमाण मीही असंख्य प्रकरणांत दिलं आहे. मुलाच्या मनावर ताण येत नाही. तिने अभ्यास केलेला दिसतो.

७ एप्रिल, रविवार

अशा जागी मी कित्येक कुटुंबं पाठवली. आत आज पहिल्यांदा गेलो. खुर्च्या जमिनीला पक्क्या केलेल्या, जवळ ओढता येत नाहीत.

फिलिपा शेजारच्या टेबलावर बसली. मी म्हटलं, इकडे ये. म्हणाली, नको, तुम्ही दोघं बोला. तिची कॉफी गार झाली.

मार्थाने बटाट्याचे काप खाल्ले. अधूनमधून ती माझ्या गालाला बोट लावून बघायची आणि आईकडे पाहून अंगठा वर करायची. मी विचारलं, हे काय? म्हणाली, तुम्ही जागे आहात ना, ते मी सांगायचं असं ठरलंय.

निघताना मी फिलिपाला म्हटलं, दोन तासांमागची तुझी भूमिका मला पटली. ती म्हणाली, कसली भूमिका, बाबा? त्यानंतर पार्किंगला पैसे पडतात.

मार्थाची केसांची क्लिप टेबलावर राहिली. त्यासाठी त्या परत येण्याची शक्यता होती. म्हणून थांबलो.

२२ एप्रिल

पुढची भेट फिलिपा कळवणार होती. अजून कळवलेली नाही. क्लिप पोस्टाने पाठवा म्हणाली.

आज पार्किंगच्या दंडाची नोटीस आली. सोबत माझ्या गाडीचे दोन फोटो. येतानाचा उजेडातला, निघतानाचा अंधारातला.

अपील करता येतं. जादा वेळ का थांबलात, ते लिहायचं. केसांची क्लिप हे कारण कोणी ग्राह्य धरणार नाही.

मीही धरलं नसतं.